खोटे दिसते

“तं माह्या मामाच्या वाडीत कोहळा लागला,” मोनालीच्या दंडावर रबरी पट्टा आवळत मारोती म्हणाला. “मूठ बंद कर. हां. केवढा कोहळा? तं त्याच्या सावलीत वरात उतरली, वरात! दीडशे माणूस. एकाले ऊन नाही लागलं.”

“बाबा, तुम्ही काहून सांगून राहिले ते मले समजते,” मोनाली म्हणाली. सून होती ती त्याची. सासऱ्याच्या थापा दोन वर्षं घरात ऐकत आलेली.

“ऐक तं. वरातीत एक बँडवाला होता, काडीसारखा बारीक. कोहळ्याले एक भोक होतं, तिकून आत शिरला. बाहेर नवरदेव घोड्यावर, आन् आतमधून पिपाणी वाजून राहिली. लोक म्हणतेत, कोहळाच गाऊन राहिला! मंग नवरीच्या बापानं काय केलं...”

“काय केलं?”

“कापूस दाबून धर.”

सुई केव्हाच बाहेर आली होती. मोनालीने दंडाकडे पाहिलं, सासऱ्याकडे पाहिलं, आणि तिला हसू आलं.

“पुढचं?”

“पुढचं पोट्टं झाल्यावर सांगतो.”

मारोती टेंभुर्णे रायपूरच्या एका सरकारी आरोग्य केंद्रात एकतीस वर्षं लॅब टेक्निशियन होता, आणि एकतीस वर्षं त्याने प्रत्येकीला हेच सांगितलं होतं. त्याच्याकडे दोन मिलीच्या थापा होत्या, पाच मिलीच्या होत्या, आणि शीर सापडत नसली तर काढायची म्हणून महानदीतल्या मगरीची एक लांबलचक राखून ठेवलेली होती. ती मगर शिवरीनारायणहून रायपूरला बसने आली होती आणि कंडक्टरने तिचं अर्धंच तिकीट फाडलं होतं. रक्त भरलं की थाप संपली. शेवट कोणी कधी ऐकला नाही. अशी अर्धी गोष्ट पोटाशी घेऊन गेलेल्या बायका एकमेकींचे हात धरून उभ्या राहिल्या, तर तेलीबांध्याच्या तलावाला दोन वेढे पडतील. बरं, तुम्हांला जास्त वाटत असेल तर एक धरा.

गर्भवती बाईचं नाव नोंदलं की तिचं रक्त बऱ्याच गोष्टींसाठी तपासतात. आमच्याकडे त्यात एक तपासणी महत्त्वाची, सिकलसेलची. लोक या दुखण्याला सिकलिन म्हणतात. रक्तातल्या गोल पेशी विळ्यासारख्या वाकतात, अडकतात, आणि माणूस सांध्यासांध्यांतून ओरडतो. हे दुखणं आईबापांकडून येतं. नुसत्या आईकडे किंवा नुसत्या बापाकडे त्याचा एक वाटा असला तर बिघडत नाही. माणूस ऐंशी वर्षं जगतो आणि त्याला पत्ताही लागत नाही. दोघांकडे एकेक वाटा असला, की मग प्रत्येक बाळंतपणाला मडक्यात चार चिठ्ठ्या पडतात आणि त्यातली एक वाईट असते. म्हणून आधी बाईचं रक्त बघायचं. तिच्यात निघालं, तर नवऱ्याला बोलवायचं. नवरा साफ असला की चिंता मिटली.

पहिली तपासणी सोपी. बारीक काचेच्या नळीत औषधी पाणी घ्यायचं, त्यात रक्ताचा थेंब सोडायचा, पाच मिनिटं थांबायचं आणि नळी काळ्या रेघांच्या कागदासमोर धरायची. पलीकडच्या रेघा दिसल्या तर रक्त साफ. पाणी गढूळ होऊन रेघा बुडाल्या तर सिकलिन.

रेघांचं कार्ड सरकारने दिलेलं होतं. मारोतीने ते खणात टाकलं होतं. त्याच्या खिडकीशी प्लॅस्टिकमध्ये घातलेलं वहीचं एक पिवळं पान टाचलेलं असे. त्यावर लहान मुलाच्या, टोक तासलेल्या पेन्सिलीच्या अक्षरात एकच वाक्य एकाखाली एक सहा वेळा लिहिलेलं होतं: मी खोटे बोलणार नाही. सातवी ओळ ‘मी खो’पाशी थांबली होती. मारोती नळी बरोबर ‘खोटे’ या शब्दासमोर धरायचा. शब्द दिसला की तो लॅबमधून हाक द्यायचा, “खोटे दिसते!” आणि बाहेर बाकावर बसलेली बाई पदर सावरून सुखाने घरी जायची.

डॉक्टर निवेदिता मॅडमना मराठी एवढंच येत असे. फाइलवर सही करताना त्याही विचारायच्या, “टेंभुर्णे जी, खोटे है क्या?”

पान कुणाचं, हे मारोतीने चाळीस जणांना चाळीस प्रकारे सांगितलं होतं. एका नर्सला तर तो म्हणाला होता, की पोलीस ठाण्यातल्या एका चोराला शिक्षा म्हणून लिहायला लावलं होतं आणि सातव्या ओळीला तो पेन्सिल घेऊन पळाला.

त्या दिवशी पाच मिनिटं झाली. मारोतीने मोनालीची नळी उचलली, खिडकीशी नेली, पानासमोर धरली.

सहाच्या सहा ‘खोटे’ तांबूस ताकात बुडाल्यासारखे दिसेनासे झाले.

त्याने नळी पुसली. पुन्हा धरली. चष्मा पुसला. पुन्हा धरली. मग बाहेर जाऊन मॅडमच्या टेबलावर कागद ठेवला. हाक दिली नाही.

मॅडमनी मोनालीला जवळ बसवलं. “घबराना बिल्कुल नहीं. तुमको खुद कुछ नहीं होगा. मशीन पर सँपल भेज देंगे, पक्का हो जाएगा. दसवाँ हफ्ता चल रहा है ना? दोनों में निकलता तो बच्चे की जाँच करानी पड़ती, और वो दो-तीन हफ्ते के अंदर ही. मगर तुम्हारे हसबैंड का तो...” त्या मारोतीकडे वळून हसल्या. “आपने तो शादी के पहले ही देख लिया था ना? साफ है ना?”

मोनालीही त्याच्याकडे बघत होती. अगदी निवांत बघत होती.

“हव,” मारोती म्हणाला.

ज्या माणसाने एकतीस वर्षांत दिवसाला वीस थापा मारल्या, त्याला हे एक ‘हव’ काढायला काय लागणार? पण त्या दिवशी त्याने तीन जणींचं रक्त गोष्टीशिवाय काढलं. तिघी कळवळल्या.

*

संध्याकाळी घरी त्याने वरण-भात खाल्ला आणि ताट सरकवलं.

“काहो, दात दुखून राहिले का?” त्याच्या बायकोने, कांताबाईंनी विचारलं.

“नाही.”

“मंग तोंड काहून बंद आहे? आल्यापासून एक मगर नाही, एक कोहळा नाही. भात घशाखाली उतरत नाही मले असा.”

मोनाली आतल्या खोलीत आईशी फोनवर बोलत होती. सिलतऱ्याच्या कारखान्यातून तिचा नवरा यशदीप यायला अजून अर्धा तास होता. मारोतीने दाराकडे पाहिलं आणि आवाज उतरवला.

“मोनालीच्या रक्तात निघालं.”

कांताबाईंचा हात थांबला. “मंग? यशचं तं साफ आहे.”

मारोतीने सरकवलेलं ताट पुन्हा जवळ ओढलं.

“यशचं साफ आहे नं? अभनपूरले तुम्ही इवायाले सांगतलं. माह्यासमोर सांगतलं.”

“तपासलंच नाही मी त्याचं,” मारोती म्हणाला. “कधीच नाही.”

दोन वर्षांपूर्वी अभनपूरला मोनाली बघायला गेले होते, तेव्हाची गोष्ट. मोनालीचे वडील लहानू वासनिक वीज खात्यात लाइनमन होते, खांबावर चढलेला माणूस, तोलून बोलणारा. चहा झाल्यावर त्यांनी होणाऱ्या व्याह्याला स्पष्ट विचारलं होतं, “इवाई, बाकी सगळं जमलं. सिकलिनचं कसं?” मारोतीच्या पिशवीत त्या दिवशी सुया आणि नळ्या होत्या. दोघांचं रक्त घेऊनच बोलणी करायची, असं ठरवून तो गेला होता. पण त्याआधी भिलाईचं एक स्थळ मोडलं होतं, आणि मोडलं ते मारोतीने मुलीच्या बापाला बाजूला घेऊन आपल्या घरातलं एक जुनं मरण खरं-खरं सांगितल्यामुळे. ‘सिकलिनवाल्याचं घर’ असं त्यांनी जाताना म्हटलेलं यशदीपने ऐकलं होतं. तेव्हापासून पोट्टा घरात हसला नव्हता. आणि अभनपूरला मोनालीने चहात साखरेऐवजी मीठ घातलं, ती बशी तशीच तोंडाला लावून यशदीप हसला. चार महिन्यांनी.

“पोट्ट्याले मी सोता तपासलं,” मारोती म्हणाला होता. “खोटे दिसते.” यशदीपला वाटलं, मागे तापात रक्त घेतलं होतं, तेव्हाच बाबांनी पाहून ठेवलं असेल.

लहानू वासनिकने मांडीवर हात मारला होता. “झालं मंग! मारोतीभाऊ गप्पा हजार हाणतील, पण नळीच्या बाबतीत नाही बोलणार लबाड. पोट्टीचं तपासायची गरज नाही.”

एक साफ असलं की पुरे, हे लहानूला ठाऊक होतं. आणि ते त्याला मारोतीनेच, एका लग्नात जेवताना, समजावून सांगितलं होतं.

“तुमचं तं आहे,” कांताबाई हळू म्हणाल्या. मारोतीने नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात स्वतःचं रक्त बघितलं होतं. त्याच्यात एक वाटा होता. कांताबाई साफ होत्या. “म्हंजे पोट्ट्यात असन का नसन...”

“निम्मं निम्मं.”

कांताबाई उठल्या. ताटं उचलली, पुन्हा खाली ठेवली. “एवढ्या वर्षांत मी तुमच्या थापांले कधी काही म्हटलं? त्या सगळ्यांले समजतेत, पोट्ट्यांलेही समजतेत. हे कोणाले समजलं? त्या पोट्टीनं तुमच्या भरोशावर पोट वाढवलं. मले कायले सांगता? तिले सांगा. आत्ता सांगा. यश आला की दोघांले बसवा.”

“सकाळी...”

“दोन-तीन हप्ते आहेत म्हणे डॉक्टरीणबाई. त्यातले किती तुम्हाले गप बसाले पायजे?”

*

यशदीप आला, कारखान्याची काळी भुकटी धुऊन बसला. मोनालीने चहा आणला. मारोतीने घसा साफ केला.

“यश, मी खोटं बोललो होतो. तुह्या लग्नाच्या वेळी. तुहं रक्त मी तपासलं नव्हतं.”

यशदीपने मोनालीकडे पाहिलं. मोनालीने यशदीपकडे. आणि दोघं फसकन हसले.

“ये नया वाला है!” यशदीप म्हणाला. “बाबा, आगे? सुई में से मगर निकला?”

“खरं सांगून राहिलो, बाप्पा.”

“हव, हव. मगर भी खरा था.” यशदीपला मराठी पूर्ण कळतं, बोलताना मात्र त्याची जीभ हिंदीकडे वळते. “मोना, तूने सुबह कोहळेवाला सुना, अब ये डेसर्ट है.”

“बाबा, मले भेव नाही वाटून राहिलं,” मोनाली समजुतीने म्हणाली. तिला वाटलं, सासरा तिला हसवायला बघतोय. “निवेदिता मॅडमनं सांगतलं सगळं. तुम्ही नका टेन्शन घेऊ.”

मारोतीने आजवर ज्या गोष्टी खऱ्या वाटाव्यात म्हणून जिवाचा आटापिटा केला, त्यांतली एकही कुणी खरी मानली नव्हती, आणि त्याचं त्याला कधी दुःखही नव्हतं. आज तो शपथ घ्यायला लागला, तशी मुलं आणखीच हसायला लागली. भिंतीवरच्या बाबासाहेबांच्या तसबिरीकडे त्याने हात केला, तर यशदीप म्हणाला, “बाबा, उनको तो बीच में मत लाओ.”

कांताबाई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्या हसत नव्हत्या. पण मुलांची पाठ तिकडे होती.

मारोतीने चहा सरकवला. मग म्हणाला, “माही एक बहीण होती.”

“हमको पता है, इंदूआत्या,” यशदीप म्हणाला. “जो चिमणी जैसा खाती थी और एक दिन चिमण्यों के साथ उड़ गई.” त्याला लहानपणी सांगितलं होतं तसंच त्याने सांगितलं.

“गोंदियाजवळ आमचं गाव,” मारोती म्हणाला. “ती अकरा वर्षांची, मी तेराचा. तिचे गुडघे दुखायचे. कोपर दुखायचे. कधी दुखायचे, कधी नाही. आज रडे, उद्या झाडावर चढे. म्हणून कोणाले खरं वाटे ना. माय म्हणे वात आहे. गुरुजी म्हणत, शाळा चुकवाचं सोंग आहे. एक दिवस ती शाळेत गेली नाही. दुसऱ्या दिवशी मी तिले पाठीवर घेऊन गेलो. गुरुजीनं विचारलं, काल काहून नाही आली? म्हणे, पाय दुखत होते. गुरुजी म्हणे, पन्नास वेळा लिही, मी खोटे बोलणार नाही.”

यशदीपचा कप ओठांपाशी होता. तो तिथेच राहिला.

“घरी येऊन बसली लिहाले. बोटं सुजलेली. मी बाजूले बसलो होतो, मी म्हटलं, आण, मी लिहून देतो, माहं अक्षर तुह्यासारखंच येते. म्हणे, नको, गुरुजीले समजन. सहा ओळी लिहिल्या. सातवी लिहता लिहता म्हणे, दादा, थंडी वाजून राहिली. मी वाकळ आणाले आत गेलो.”

मारोती थांबला. मुलांनी आपोआप वाट पाहिली. त्यांना सवय होती. इथे तो नेहमी कापूस दाबायला सांगायचा.

“तीन दिवसांनी मेली,” मारोती म्हणाला. “गोंदियाच्या दवाखान्यात. सकाळी, साडेनऊले. मले शाळेत सांगाले आले होते.”

मोनालीने हातातला कप खाली ठेवला. तिच्या लक्षात काय आलं ते तिने नंतर कांताबाईंना सांगितलं, म्हणून मला माहीत: बाबांच्या गोष्टीला शेवट नसतो. हिला होता.

“यश,” ती म्हणाली. “बाबा खरं बोलून राहिले.”

“क्या खरं?”

“सगळं. तुमचं रक्त तपासलं नाही.”

यशदीपने बापाकडे पाहिलं. तो ओरडेल असं कांताबाईंना वाटलं होतं. तो फक्त म्हणाला, “और आज डॉक्टर के सामने भी हव बोल दिया?”

“हव,” मारोती म्हणाला, आणि आपण पुन्हा तोच शब्द उच्चारला, हे कळून त्याने मान खाली घातली.

मोनाली उठून आत गेली. दार लोटलं नाही, पण परत आली नाही.

*

सकाळी केंद्र उघडायच्या आधीच चौघं तिथे होती. मोनाली रात्री झोपली नव्हती, ते तिच्या डोळ्यांवरून दिसत होतं. सासऱ्याशी ती एक शब्द बोलली नव्हती. लॅबच्या दारात मात्र तिने दोन वाक्यं ऐकवली.

“नळी मी पाहीन. तुम्ही नाही.”

“बरं.”

“आन् रिपोर्ट काहीही येवो, माह्या पप्पाले तुम्ही जाऊन सांगा. मी नाही सांगणार.”

“सांगतो.”

यशदीप स्टुलावर बसला. मारोतीने त्याच्या दंडावर पट्टा आवळला. शीर दोरीसारखी टरारून वर आली. कारखान्यात घाम गाळणाऱ्या माणसाची शीर शोधावी लागत नाही, डोळे मिटूनही सापडते. मारोतीने सुई हातात घेतली. आणि त्याला काही सुचेना. कोहळा सुचेना, मगर सुचेना. कालच्या तिघी सोडल्या तर एकतीस वर्षांत सुई कधी गोष्टीशिवाय चालली नव्हती, आणि आता हात गोष्टीची वाट बघत हवेत थांबला होता.

यशदीपने ते पाहिलं. मान दुसरीकडे वळवली. मग भिंतीकडे बघत म्हणाला, “तो वो बैंडवाला...”

“कोण?” मारोती म्हणाला.

“कोहळे के अंदरवाला. वो पता है क्या हुआ? नवरी के बाप ने कोहळा गाडी पे चढ़ाया, बोला, बजानेवाला कोहळा है, रायपुर में बेचूँगा. गाडी सीधे सिलतरा पहुँच गई. गेट पे सिक्योरिटी बोला, मटेरियल है क्या? बाप बोला, हव, मटेरियल है. तो उन्होंने तौल के अंदर ले लिया.”

मारोतीची सुई शिरेत गेली होती.

“अंदर साहब लोग मीटिंग में. अचानक पिपाणी चालू. साहब बोला, भोंगा किसने बजाया? सारी शिफ्ट छूट गई. चार हजार आदमी, बाबा, दोपहर के बारह बजे घर! बायको लोग डर गए, प्लांट में आग लगी क्या? तब से...”

“तवापासून काय?” मारोतीने विचारलं.

“कापूस,” यशदीप म्हणाला.

मारोतीने खाली पाहिलं. नळी भरली होती. त्याने सुई काढली, कापूस दाबला, आणि जरा जास्तच वेळ दाबून धरला. यशदीपने हात सोडवून घेतला नाही. रागावला होता, तरी नाही.

मग थेंब पडला, पाणी हललं आणि पाच मिनिटं सुरू झाली.

पाच मिनिटं किती लांब असतात, हे त्या दिवशी ज्यांनी बघितलं त्यांना विचारा. त्या पाच मिनिटांत केंद्राच्या अंगणातल्या जांभळाला मोहर येऊन फळ धरलं असतं. कांताबाई बाकावर बसून नखं बघत होत्या. निवेदिता मॅडम आल्या, मारोतीने उभ्या-उभ्याच त्यांना खरं काय ते सांगितलं. त्या हिंदीत काही बोलायला गेल्या, मग मोनालीकडे बघून नुसत्या तिच्या खांद्यावर हात ठेवून उभ्या राहिल्या.

वेळ झाली. मारोतीने नळीला हात लावला नाही. तो खिडकीपासून दूर, हात मागे बांधून, भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. शाळेत उशिरा आलेल्या पोरासारखा.

मोनालीने नळी उचलली. बोटांत धरता येईना, तेव्हा दोन्ही हातांनी धरली. पिवळ्या पानासमोर नेली. पान तिने आतापर्यंत दहादा पाहिलं होतं, पण काल रात्रीपासून ते दुसरंच झालं होतं. पेन्सिल कुठे दाबली होती, कुठे बोटं दमून ‘ण’चा दांडा तिरका झाला होता, कुठे रेघ सोडून अक्षर खाली घसरलं होतं, हे तिला आता दिसत होतं. तिने नळी त्या ओळींच्या मधोमध आणली. लांब धरली. जवळ धरली. उजेडासाठी खिडकीचा पडदा बाजूला सारला.

“मोनाली?” यशदीपने स्टुलावरून विचारलं.

ती पानाकडे बघत होती. मग मान वळवून तिने सासऱ्याच्या पाठीकडे पाहिलं.

“खोटे,” ती म्हणाली.

मारोती वळला नाही. हे कोणतं खोटे, ते त्याला कळेना. मॅडमनी पुढे होऊन नळीतून पाहिलं आणि त्या मोठ्यांदा ओरडल्या, “खोटे है! टेंभुर्णे जी, खोटे दिसते! बच्चे को चिंता नहीं!”

कांताबाईंनी तोंडाला पदर लावला. यशदीप स्टुलावरून उठला आणि कापूस खाली पडला. मारोती अजून भिंतीकडेच बघत होता. “मशीनवर बी पाठवा, मॅडम,” तो भिंतीला म्हणाला. “दोघांचं. माह्या पानावर भरोसा ठेवू नका.”

मशीनचा रिपोर्ट शनिवारी आला. मोनालीत एक वाटा, यशदीप साफ. दोन कागद, दोन शिक्के. त्या संध्याकाळी मोनालीने सासऱ्याच्या ताटात भाकरी वाढली आणि म्हणाली, “उद्या अभनपूर.”

“आठवण आहे.”

*

रविवारी लहानू वासनिक ओसरीत रेडिओ उघडून बसले होते. मारोतीला बघून त्यांनी पेचकस ठेवला. “जय भीम, इवाई! पोट्टीनं फोनवर सांगतलं, सगळं साफ आहे. मी म्हटलं, असंच राहणार. मारोतीभाऊनं सोता पाहिलेलं पोट्टं!”

“जय भीम. मी नव्हतं पाहिलं, लहानूभाऊ.”

“काय नव्हतं पाहिलं?”

“यशचं रक्त. इथंच बसून मी तुम्हाले खोटं सांगतलं. नशिबानं साफ निघालं. नसतं निघालं तं तुमच्या पोट्टीचं काय झालं असतं, ते सांगाले आलो.”

लहानू वासनिकने क्षणभर त्याच्याकडे पाहिलं. मग मान मागे टाकून ते असे हसले, की आतून त्यांची बायको चहाचं भांडं घेऊन बाहेर आली. “ऐकलं का वं? इवाई म्हणते, खोटं बोललो! आता ह्याच्यात मगर केव्हा येते?”

मारोती हसणं संपेपर्यंत थांबला. त्याला घाई नव्हती. परत जायची बस चार वाजता होती, आणि इथे हसणं आटोपून चहा घेऊन उठला असता तर कुणी काही म्हणणार नव्हतं. रिपोर्ट साफ होता, लेक सुखात होती, इवाई खुशीत होता.

चहा आला. मारोतीने तो बाजूला ठेवला. पिशवीतून त्याने प्लॅस्टिकमधलं पिवळं पान काढलं, लॅबच्या खिडकीवरून कालच काढलेलं. कोपऱ्यांवर टाचण्यांची भोकं होती. त्याने ते पान दोघांच्या मध्ये, रेडिओच्या सुट्या भागांशेजारी, अक्षरं लहानूच्या बाजूने करून ठेवलं.

“हे काय?” लहानूने विचारलं. ते अजून हसत होते, पण चष्मा चाचपायला लागले होते.

“ऐका, लहानूभाऊ,” मारोती म्हणाला. “याले शेवट आहे.”